'तिरुनंगै'मधली 'नंगै'

तमिळनाडूत पारलिंगी स्त्रियांसाठी, म्हणजे जन्मतः पुरुष ठरवल्या गेलेल्या पण स्वतः स्त्री असलेल्या व्यक्तींसाठी, रूढ झालेल्या 'तिरुनंगै' या शब्दाचा उल्लेख मराठीत आता अधूनमधून होऊ लागला आहे, आणि तो झाला की एक ठरावीक वाद ठरलेल्या वाटेने सुरू होतो. एक बाजू म्हणते, पाहा, तमिळांनी केवढा सुंदर आणि आदराचा शब्द घडवला. आपण मात्र शिव्यांतून निघून फार तर 'तृतीयपंथी'पर्यंत पोहोचलो. दुसरी बाजू विचारते, नाव बदलल्याने काय होते? दुकानाची पाटी नव्याने रंगवली म्हणून आतला माल बदलत नाही. या दोन्ही बाजू एकमेकींशी तावातावाने भांडतात खऱ्या, पण एका गोष्टीवर त्यांचे नकळत एकमत आहे. या शब्दाचे सगळे मोल त्यातल्या सौजन्यात आहे, असे दोघीही धरून चालतात. एकीला ते सौजन्य पुरेसे वाटते आणि दुसरीला अपुरे. मला हे गृहीतकच चुकीचे वाटते. 'तिरुनंगै' हा शब्द सभ्य आहे म्हणून महत्त्वाचा नाही. तो एक विधान करतो, आणि ते विधान त्याच्या पहिल्या अर्ध्या भागात नसून दुसऱ्या अर्ध्या भागात आहे.

आधी शब्दच नीट पाहू. 'तिरु' म्हणजे श्री. तिरुवळ्ळुवर, तिरुक्कुरळ, तिरुपती या नावांतला 'तिरु' तो हाच. त्यामुळे त्यात पावित्र्याची छटा आहे हे खरे. पण आजच्या तमिळ व्यवहारात लग्नपत्रिकेपासून पाकिटावरच्या पत्त्यापर्यंत कोणत्याही पुरुषाच्या नावाआधी 'तिरु' आणि विवाहित स्त्रीच्या नावाआधी 'तिरुमती' लागते. म्हणजे हा 'तिरु' कोणाला देव्हाऱ्यात बसवणारा नाही; तो आपल्या 'श्री.' इतकाच रोजचा आहे. 'नंगै' म्हणजे स्त्री, त्यातही प्रतिष्ठित, गुणवती स्त्री. त्याच घडणीचा 'तिरुनंबी' हा शब्द पारलिंगी पुरुषांसाठी आहे, कारण 'नंबी' म्हणजे श्रेष्ठ पुरुष. दोघांना आणि इतरांनाही सामावून घेणारा 'तिरुनर' असा एक शब्द अलीकडे वापरला जातो. (जाता जाता एक गोष्ट. रोमन लिपीतले स्पेलिंग वाचून आपल्याकडे हा शब्द 'थिरुनंगाई' असा लिहिला जातो आणि मराठी कानाला त्यात भलतेच काही ऐकू येते. शेजारच्या भाषेतला शब्द आपण लंडनमार्गे आणतो, त्याची ही किंमत.)

आता या शब्दाच्या आधी काय होते ते पाहायला हवे, कारण 'प्राचीन तमिळ संस्कृती मुळातच उदार होती' असाही एक गोड समज या चर्चेत डोकावत असतो. धड पुरुष नाही आणि धड स्त्रीही नाही असे मानल्या गेलेल्या व्यक्तींसाठी जुन्या तमिळमध्ये 'पेडी' आणि 'अली' हे शब्द आहेत. तोल्काप्पियम् या सर्वांत जुन्या उपलब्ध व्याकरणात पुरुषत्व पालटलेल्या व्यक्तींच्या नामांचा विचार आलेला आहे आणि त्यांना 'उयर्तिणै' या, म्हणजे माणसांच्या, वर्गातच ठेवले आहे. तेराव्या शतकातले 'नन्नूल' हे व्याकरण तर आणखी पुढे जाते. पुरुषपण सोडून स्त्रीपणाची इच्छा धरणाऱ्याला स्त्रीलिंगी रूप लावावे आणि स्त्रीपण सोडून पुरुषपण इच्छिणाऱ्याला पुल्लिंगी, असा नियमच ते सांगते. देहाकडे न पाहता इच्छेकडे पाहून लिंग ठरवणारा हा नियम वाचून कोणीही थक्क होईल. पण त्याच सूत्राच्या शेवटी असेही म्हटले आहे की या दोघांना 'अह्रिणै'सारखेही, म्हणजे पशू आणि निर्जीव वस्तू यांच्या वर्गाप्रमाणेही, वागवता येते. एका हाताने दिले आणि दुसऱ्या हाताने काढून घेतले. तिरुवळ्ळुवरांच्या तिरुक्कुरळ या प्राचीन नीतिकाव्यात 'पेडी' दोनदा येते आणि दोन्ही वेळा तिच्या हातात तलवार आहे: उद्योग नसलेल्या माणसाचे औदार्य आणि सभेत कापणाऱ्या माणसाची विद्या, या दोन्ही गोष्टी पेडीच्या हातातल्या तलवारीसारख्या निरुपयोगी आहेत, हे सांगण्यासाठी. तेव्हा परंपरेत सन्मान होता असे म्हणणाऱ्यालाही पुरावा सापडतो आणि तिरस्कार होता असे म्हणणाऱ्यालाही. परंपरेकडून प्रमाणपत्र आणायला जाणारे बहुधा असेच अर्धे वाक्य घेऊन परततात.

'अली' या शब्दाची कथा याहून बोलकी आहे. शैव संतकवी माणिक्कवाचकरांच्या तिरुवाचकम्‌मध्ये शिवाला स्त्री, पुरुष आणि अली असे तिन्ही म्हटले आहे. तो पुरुष नाही, स्त्री नाही, अलीही नाही, असे वैष्णव संतकवी नम्माळ्वार विष्णूविषयी म्हणतात. ईश्वराचे अवर्णनीयत्व सांगताना ज्या शब्दाची गरज पडली, तोच शब्द विसाव्या शतकात पोरे रस्त्यावर मागून ओरडायची आणि बसमधले लोक हसायचे. त्याच्या जोडीला 'ओंबोदु', म्हणजे नऊ, ही शिवी. आपल्याकडे सहाची शिवी झाली, त्यांच्याकडे नऊची. माणसाला नाव नाकारायचे असले की आकडा बरा पडतो, हे दोन्ही भाषांना स्वतंत्रपणे सुचलेले दिसते.

या पार्श्वभूमीवर १९९०च्या दशकात 'अरवाणी' हा शब्द पुढे आला. त्याचे मूळ कूवागम या गावात आहे. पूर्वी विळुपुरम जिल्ह्यात असलेले हे गाव २०१९ पासून कळ्ळकुरिची जिल्ह्यात मोडते. तिथे कूत्ताण्डवराचे, म्हणजे अरवानाचे, देऊळ आहे. अरवान हा अर्जुन आणि नागकन्या उलूपी यांचा मुलगा. व्यासांच्या महाभारतात तो इरावान आहे आणि युद्धाच्या आठव्या दिवशी अलंबुष राक्षसाच्या हातून मरतो. पण तमिळ परंपरेत पांडवांच्या विजयासाठी त्याचा कालीपुढे बळी दिला जातो, मरण्याआधी त्याला लग्न करायचे असते, एका रात्रीत विधवा व्हायला कोणी मुलगी तयार होत नाही, तेव्हा कृष्ण मोहिनीचे रूप घेऊन त्याच्याशी लग्न करतो. चित्रै महिन्यातल्या उत्सवात हजारो पारलिंगी स्त्रिया अरवानाच्या नावाने ताली, म्हणजे मंगळसूत्र, बांधून घेतात आणि दुसऱ्या दिवशी ती तोडून, बांगड्या फोडून, पांढरे नेसून त्याचा शोक करतात. या अरवानाच्या त्या अरवाणी. 'अली' आणि 'ओंबोदु' यांच्या तुलनेत हा शब्द म्हणजे मोठीच झेप होती. त्याने शिवीच्या जागी कथा दिली, देव दिला, वर्षातून एकदा जमण्याची जागा दिली. कूवागमला जाणाऱ्या अनेकींना तो आजही आपला वाटतो, आणि तो त्यांच्याकडून हिसकावून घेण्याचे कोणाला काही कारण नाही.

पण शब्द किती सुंदर आहे यावर थांबून भागत नाही. तो काय सांगतो हेही विचारावे लागते. 'अरवाणी' सांगतो की ही स्त्री आहे, पण एका रात्रीपुरती वधू आणि मग विधवा. तिचे स्त्रीपण एका मृत पतीवर टांगलेले आहे. शिवाय ख्रिस्ती किंवा मुसलमान पारलिंगी स्त्रीने अरवानाशी नाते का सांगावे? आणि कूवागम परिसरातले साधे गावकरी पुरुषही नवस म्हणून त्याच उत्सवात अरवानाची ताली बांधतात, त्यांना कोणी अरवाणी म्हणत नाही. म्हणजे विधी आणि ओळख यांची सांगड या शब्दात वाटते तितकी घट्ट नाहीच. म्हणून समुदायातूनच दुसऱ्या शब्दाचा शोध सुरू झाला. 'तिरुनंगै' सुचवण्याचे श्रेय स्वतः पारलिंगी स्त्री असलेल्या, भरतनाट्यमच्या नामवंत नृत्यांगना नर्तकी नटराज यांना दिले जाते, आणि मुख्यमंत्री करुणानिधी यांच्या सरकारने तो उचलून धरला. गंमत अशी की एप्रिल २००८ मध्ये याच सरकारने देशातले अशा प्रकारचे पहिले कल्याण मंडळ स्थापन केले तेव्हा त्याच्या नावात 'अरवाणी' हाच शब्द होता. मंडळ आधी आले आणि पाटी नंतर बदलली. हा तपशील किरकोळ वाटेल, पण 'आधी शब्द की आधी हक्क' असे भांडणाऱ्यांनी तो ध्यानात ठेवण्यासारखा आहे.

विरोधकांचे म्हणणे मी हलके मानत नाही. त्यांचा सर्वांत बळकट मुद्दा वर 'अली'च्या निमित्ताने येऊनच गेला आहे. देवाच्या स्तोत्रातला शब्द जर शिवी होऊ शकतो, तर 'तिरुनंगै' किती दिवस शुद्ध राहील? समाजाच्या मनातला तिरस्कार तसाच राहिला तर तो प्रत्येक नव्या शब्दात झिरपतो. दुसरा मुद्दा पोटाचा आहे. ज्या राज्याने हा शब्द दिला, त्याच राज्यात २०१५ मध्ये पारलिंगी व्यक्तींना अतिमागास प्रवर्गात घातले गेले. दलित तिरुनंगैने जातीचे आरक्षण घ्यायचे की लिंगभावाचे, हा पेच त्यातून उभा राहिला आणि सर्व प्रवर्गांना छेदून जाणाऱ्या समांतर आरक्षणासाठी ग्रेस बानू यांच्यासारख्या कार्यकर्त्यांना वर्षानुवर्षे झगडावे लागले. याउलट शेजारच्या कर्नाटकाने, असा कोणताही गाजलेला शब्द न घडवता, २०२१ मध्ये सरकारी नोकऱ्यांत एक टक्का समांतर आरक्षण देऊन टाकले. सन्मानाचा शब्द नसताना नोकरी मिळू शकते आणि तो असताना अडू शकते, हे मान्य केलेच पाहिजे.

मग शब्दावर एवढी चर्चा कशासाठी? कारण हक्कांचे दरवाजे शेवटी शब्दांच्याच बिजागऱ्यांवर फिरतात. एप्रिल २०१९ मध्ये मद्रास उच्च न्यायालयाच्या मदुराई खंडपीठापुढे एक प्रकरण आले. एका पुरुषाने आणि एका पारलिंगी स्त्रीने देवळात लग्न केले होते आणि निबंधक त्याची नोंद करायला तयार नव्हता. सगळा प्रश्न हिंदू विवाह कायद्यातल्या 'वधू' या एका शब्दाचा होता. न्यायमूर्ती स्वामिनाथन यांनी निर्णय दिला की या शब्दाचा अर्थ गोठलेला नाही आणि त्यात पारलिंगी स्त्रीही येते. कायद्यातले एक अक्षरही बदलले नाही. शब्दाचा अर्थ बदलला आणि नोंदणीची वही उघडली. आता विचार करा, त्या न्यायालयापुढची स्त्री 'एका रात्रीची अरवाणी' म्हणून आली असती, किंवा 'तिसरी कोणीतरी' म्हणून आली असती, तर 'वधू' हा शब्द तिच्यासाठी इतक्या सहज रुंदावला असता का? 'नंगै' म्हणवून घेणारीलाच 'वधू' म्हणवून घेण्याचा दावा सरळ करता येतो.

आपल्याकडचा इतिहासही इथे आठवावा लागतो. 'अस्पृश्य' हा शब्द नको म्हणून गांधीजींनी 'हरिजन' शब्द स्वीकारला. तो नरसी मेहतांच्या काव्यातला होता, अर्थाने पवित्र होता, आणि एका अस्पृश्य पत्रलेखकानेच तो सुचवल्याचे गांधीजींनी नमूद केले आहे. म्हणजे सौजन्य होते, पावित्र्य होते, इतकेच काय, 'आतून आला' हा दाखलाही होता. तरी डॉ. आंबेडकरांनी तो नाकारला आणि १९३८ मध्ये मुंबई विधिमंडळात कायद्याच्या मसुद्यात तो घातला गेला तेव्हा आपल्या सहकाऱ्यांसह सभात्याग केला. का? कारण तो शब्द माणसाला हरीचा करत होता, नागरिक करत नव्हता; अन्याय कोणी केला याबद्दल तो गप्प होता. पुढे 'दलित' शब्द रुजला तो गोड आहे म्हणून नाही. तो कानाला टोचतो, पण काय घडले ते सांगतो. या दोन शब्दांशेजारी 'अरवाणी' आणि 'तिरुनंगै' ठेवून पाहिले की नाते लगेच दिसते. 'अरवाणी' हा त्यातल्या त्यात 'हरिजन'च्या कुळातला शब्द: देवाच्या नात्याने मिळालेली जागा. 'तिरुनंगै'मध्ये 'दलित'चा रोखठोकपणा नाही हे खरे, पण विधान करण्याचा गुण मात्र आहे. आणि शब्द आतून आला एवढ्याने काम होत नाही हेही 'हरिजन'च्या उदाहरणावरून कळते. ज्यांच्यासाठी तो आहे त्यांना तो नाकारण्याचा, बदलण्याचा हक्क उरतो की नाही, हे पाहावे लागते. तमिळनाडूत तो उरला. सरकारी कागदांत 'मून्ऱाम् पालिनम्', म्हणजे तिसरे लिंग, हा शब्द पुढे येऊ लागला तेव्हा तिरुनंगैंनीच त्याला विरोध केला, आणि मद्रास उच्च न्यायालयाच्या आग्रहानंतर २०२२ मध्ये राज्याने अशा संज्ञांची तमिळ शब्दावली राजपत्रात प्रसिद्ध केली.

'तिसरे' या शब्दाला विरोध का, हे अनेक मराठी वाचकांना कळत नाही, कारण आपल्या कानाला 'तृतीय' हा शब्द सभ्य वाटतो. इथेही एक गोष्ट मान्य करून पुढे जातो. १५ एप्रिल २०१४ च्या नालसा (राष्ट्रीय विधी सेवा प्राधिकरण) निकालात सर्वोच्च न्यायालयाने पुरुष, स्त्री किंवा तृतीय लिंग यांपैकी आपली ओळख स्वतः ठरवण्याचा हक्क मान्य केला, आणि ज्यांना तिसरी ओळखच खरी वाटते असे पुष्कळ लोक आहेत. महाराष्ट्रातही अनेक जण स्वतःला अभिमानाने तृतीयपंथी म्हणवतात, आणि काहींनी तर 'हिजडा' हा शब्दही शिवीच्या तोंडून ओढून आपल्याकडे घेतला आहे. त्यांना दुरुस्त करायला जाणारा मी कोण? पण जी बाई सांगते आहे की मी स्त्री आहे, तिला 'तू तिसरी' असे म्हणणे हा आदर कसा होईल? रांगेत तिसरा क्रमांक देताना पहिल्या दोन जागा आधीच भरलेल्या आहेत, एवढे आपण तिला नम्रपणे सांगत असतो.

म्हणूनच तमिळनाडूची बातमी मराठीत देताना 'तिरुनंगै'चे भाषांतर सर्रास 'तृतीयपंथी' असे होते, ती मला या चर्चेतली सर्वांत मोठी चूक वाटते. 'तिरु' गेला तर फारसे बिघडत नाही, आपण 'श्री' लावायला विसरलो असे म्हणता येईल. पण 'नंगै' गेली तर शब्दच गेला, आणि ज्या कल्पनेला त्या स्त्रियांनी विरोध केला नेमकी तीच आपण त्यांच्या तोंडी घातली. 'पारलिंगी स्त्री' हे भाषांतर रुक्ष आहे, त्याला कूवागमची कथा नाही की तमिळचा नाद नाही, पण ते खोटे बोलत नाही. तमिळ शब्द जसाच्या तसा उसना आणून मराठीत लावण्याच्या सूचनाही मी ऐकल्या आहेत, आणि त्या मला पटत नाहीत. तो शब्द ज्या भाषेत उगवला तिथल्या 'तिरु', 'तिरुमती', 'नंबी' या भावंडांमध्ये शोभतो. आपल्या भाषेत तो परक्या पाहुण्यासारखा बसून राहील.

शिवाय आपली अडचण वेगळी आहे आणि ती नामात नसून क्रियापदात आहे. तमिळमध्ये 'वंदान' म्हणजे आला, 'वंदाळ' म्हणजे आली. पण आदराने बोलायचे असेल तर दोघांनाही एकच 'वंदार' चालते, त्यातून लिंग कळतच नाही. तमिळ माणसाला आदराच्या आडोशाने प्रश्न टाळता येतो; म्हणूनच जे क्रियापद झाकते ते स्पष्ट सांगणाऱ्या नामाची तिथे गरज होती. मराठीत हा आडोसा नाही. आपल्याला आदर दाखवतानाही 'ते आले' किंवा 'त्या आल्या' यांपैकी एक निवडावेच लागते. वरच्या ओळीत 'पारलिंगी' लिहून खालच्या ओळीत 'आले' लिहिणारा बातमीदार आदर दाखवल्याच्या समाधानात असतो, पण त्याच्या क्रियापदाने निकाल देऊन टाकलेला असतो. २०१९ मध्ये नर्तकी नटराज यांना पद्मश्री मिळाली. शब्द कोणता वापरायचा यावर वाद घालणाऱ्या प्रत्येकाने एकदा त्या बातमीचे साधे मराठी वाक्य लिहून पाहावे: पुरस्कार स्वीकारण्यासाठी नर्तकी नटराज राष्ट्रपती भवनात आल्या.